गोठा भरला, सोडू कुणाला

केजच्या बसस्टँडजवळ माझं मोबाईल दुरुस्तीचं दुकान आहे. दिवसभरात जी गिऱ्हाइकं येतात त्यातल्या निम्म्यांची एकच तक्रार असते, मोबाईल भरलाय, जागा करून द्या. जागा करायची म्हणजे काहीतरी पुसावं लागतं आणि पुसायला कुणीच तयार नसतं. एकाच लग्नातल्या एकाच पंगतीचे ढीगभर फोटो असतात. मी म्हणतो, यातला एक ठेवू. तर म्हणतात, "न्हाई न्हाई, ह्यात मामा हायेत." मामा सगळ्यातच असतात.

किश्शांचं तसं नाही. ते आपोआप साठतात आणि त्यांना जागा करून द्यावी लागत नाही. माझ्या दुकानापुढच्या बाकड्यावर गेल्या वर्षात जे साठले, ते सगळे एका गेमचे आहेत.

गेम साधा आहे. मोबाईल हातात धरून चालायला लागलं की रस्त्यात चित्रविचित्र जनावरं दिसतात. बोटानं चेंडू फेकून ती पकडायची, पोसायची, दुसऱ्याच्या जनावरांशी लढवायची. पकडलेली ठेवायला ठराविक जागा असते. तिला इंग्रजीत काहीतरी नाव आहे, आम्ही गोठा म्हणतो. गोठा भरला की नवं जनावर घेता येत नाही. जुनं एखादं सोडावं लागतं, आणि सोडलेलं परत मिळत नाही.

हे खूळ आमच्यात आणलं बाळूनं. बाळू माझा शाळेपासूनचा दोस्त. दसरा झाला की बायकोला घेऊन टोळीबरोबर कर्नाटकात ऊसतोडीला जातो, उन्हाळ्यात परत येतो. मुलगी मुक्ता गावात आजोबांपाशी राहते, शाळा बुडू नये म्हणून. दोघांचं फोनवरचं बोलणं मी ऐकलंय. "जेवलीस का?" "हूं." "शाळेत गेलतीस का?" "हूं." आणि फोन आजोबांच्या हातात.

या गेममध्ये लांबच्या माणसाला रोज एक पुडकं पाठवता येतं. पुडक्यावर पाठवणारा जिथं असेल तिथल्या एखाद्या देवळाचं, कमानीचं चित्र असतं. कुणीतरी बाळूला हे सांगितलं. पावसाळ्यात तो दुकानात आला आणि स्वतःच्या आणि वडलांच्या, दोन्ही मोबाईलवर गेम टाकून घेतला. म्हणाला, "बोलत न्हाई तर न्हाई. पुडकं तर घील."

त्याला एवढंच पाहिजे होतं. बाकी आम्ही सगळे फुकट वाहवत गेलो.

*

गेममध्ये काही ठिकाणी अड्डे असतात. आपली जनावरं तिथं बसवायची आणि दुसऱ्यानं येऊन ती हाणून पाडायची. बसस्टँडमागच्या मारुतीच्या देवळाचा अड्डा आमच्या ताब्यात होता.

पोळा आला. बाळूनं आदल्या दिवशीच हुकूम काढला, "उद्या लढाई बंद. जनावराच्या खांद्यावर उद्या जू ठेवायचं न्हाई." आम्ही हसलो, पण कुणी मोबाईल उघडला नाही. दुपारी सहज बघितलं तर अड्डा गेलेला. समोरच्या हॉटेलात दोन अनोळखी पोरं मोबाईलवर बोटं मारत बसली होती. बाळू सरळ त्यांच्यापुढं जाऊन उभा राहिला.

"कुठले बे तुमी?"

"पाटोद्याचे. सासुरवाडीला आलोय."

"आज काय हाय?"

"पोळा."

"आन् आज जनावरं जुपली तुमी?"

पोरांनी माना खाली घातल्या. दोघंही शेतकऱ्याचीच होती. एकानं गपचूप आपली जनावरं अड्ड्यावरून उठवली आणि हळूच म्हणाला, "आमच्या आज्याला कळू देऊ नका."

*

आमच्यातला दत्ता काळीपिवळी जीप चालवतो. गेममध्ये अंडीही मिळतात आणि ती माणूस चालला तरच उबतात. गाडीत बसून पळालं तर ते अंतर धरत नाहीत. दत्ताला तर चालायची सवयच नाही. समोरच्या टपरीवर जायचं तरी जीपची चावी शोधतो.

शेवटी त्यानं शोध लावला, की गाडी अगदी हळू हाकली तर गेमला वाटतं माणूस चाललाय. झालं. त्या दिवसापासून जीप पहिल्या गिअरच्या वर जाईना. मागं माणसं कोंबलेली, टपावर पोती, आणि दत्ता एका हातानं स्टिअरिंग धरून दुसऱ्या हातातल्या अंड्याकडं बघतोय. शेजारनं शेळ्या पुढं निघून गेल्या.

मागच्या सीटवर एक म्हातारी होती, डोक्यावर पदर, मांडीवर मेथीचं गाठोडं. बराच वेळ तिनं दम धरला. मग दत्ताच्या खांद्यावर बोट मारून म्हणाली, "बाबा, थांबीव. मी पायी जाते. मला घाई हाय."

*

आता बापू. बापूचे चुलते आमच्या भागातले पुढारी. चौकात जो फोटोंचा फलक असतो त्यात सगळ्यात मोठा फोटो काकांचा आणि कोपऱ्यात हात जोडलेला बापूचा. बापूनं गेम घेतला तोच पुढाऱ्यासारखा. दिसेल ते जनावर पकडायचं आणि सोडायचं एकही नाही. तेच तेच उंदरासारखं जनावर त्याच्याकडं इतकं झालं की मोजायला तो स्वतः कंटाळला. गोठा भरला की पैसे टाकून गोठा वाढवायचा.

मी म्हणालो, "बापू, यातले फालतू सोडून दे की."

"आपल्याकडं आलेल्याला आपण सोडत न्हाई. सोडला की दुसऱ्याच्या गोठ्यात जातो."

एकदा काकांची गाडी दुकानापुढं थांबली. चार्जर घ्यायचा होता. काकांनी बापूच्या हातातला मोबाईल घेतला आणि चष्मा वर करून बराच वेळ बोटानं वर सारत राहिले. जनावरं संपेनात.

"यातले लढणारे किती?"

"दोन-तीन असतील, काका."

"मग बाकीचे काय करत्यात?"

"काय न्हाई. नुसते हायेत. त्यांना खाऊ घालावं लागतं."

काकांनी मोबाईल परत दिला आणि म्हणाले, "म्हणजे पक्ष तुला जमंल."

याच बापूनं पुढं गेमवाल्यांना अर्ज केला, की चौकातल्या आमच्या फलकाला अड्डा करा. फोटोसकट पाठवला. उत्तर आलं, की तात्पुरत्या गोष्टींचा अड्डा होत नाही. बापूला ते इतकं लागलं की दोन दिवस तो जेवला नाही, असं त्याचंच म्हणणं आहे. तिसऱ्या दिवशी बाकड्यावर येऊन म्हणाला, "काकांना तात्पुरतं म्हणत्यात. कावून? अजून निवडणूक कुठं झालीय?"

*

बाळूचे वडील म्हणजे नाना. जन्मभर बैलबाजारात दलाली केलेला माणूस. बाळू टोळीबरोबर गेल्यावर ते अधूनमधून दुकानात रिचार्जला यायचे. एका बाजारच्या दिवशी आले तेव्हा दत्ता आणि बापूची अदलाबदल चालली होती. दत्ताचं पंखवालं जनावर बापूला पाहिजे होतं, बदल्यात तो आपलं आग ओकणारं द्यायला तयार होता. शिवाय वर छोटी जनावरं किती द्यायची यावरून दोघांची जुंपली होती.

नाना रागावले. "सौदा असा उघड्यावर बोंबलून करत्यात व्हय?" त्यांनी खांद्यावरचा टॉवेल काढला, दत्ताच्या हातावर टाकला आणि टॉवेलाखाली त्याची बोटं दाबली, बैलबाजारात गुपचूप भाव सांगतात तशी. मग बापूची दाबली. पुन्हा दत्ताची. रस्त्यावरची माणसं जमली. कुणाला वाटलं खरंच बैल कुठं बांधलाय, म्हणून दोघंजण दुकानामागं जाऊन बघून आले. शेवटी सौदा जुळला. बापूनं टाळीसाठी हात उचलला तेवढ्यात नाना म्हणाले, "थांबा. दात बघू द्या."

दत्तानं बोटांनी चित्र मोठं केलं. बापूच्या जनावराचा जबडा पडदाभर झाला. नानांनी मोबाईल उजेडात धरला. "ह्याचे दात झिजल्यात. म्हातारं हाय हे. दत्ता, लुबाडायलाय हा तुला."

"नाना, आग ओकतंय ते," बापू कळवळून म्हणाला.

"ओकंल की. ह्या वयात पचत न्हाई."

सौदा मोडला. बापू अजून ते जनावर खपवायला बघतोय, पण केजमध्ये त्याच्या वयाची बातमी पसरलीय.

*

थंडीत एकदा बाळूचा फोन आला. मागं ट्रॅक्टरचा आवाज, कुणीतरी मोळ्या मोजतंय. तो घाबरल्यासारखा बोलत होता.

"पुडकं जाईना. समोरच्याची पुडक्याची पिशवी भरली म्हणतंय. मुक्तानं एक बी उघडलेलं न्हाई. रुसली काय रे? मी हिकडं निघालो तवा ती बोलली बी न्हाई. का तिला बरं न्हाई? म्हातारा खरं सांगणार न्हाई. जाऊन ये जरा."

आम्ही तिघं निघालो. दत्तानं जीप काढली आणि या खेपेला अंडी बिंडी काही बघितली नाहीत.

मुक्ता अंगणात चिंचा फोडत बसली होती. ठणठणीत. नानांचा मोबाईल तिच्याच ओच्यात होता. मी बघितलं तर पिशवीत पुडक्यावर पुडकं. सगळी बंद. एखाद्यावर कमान, एखाद्यावर पाण्याची टाकी, एखाद्यावर कुठल्यातरी देवीचं देऊळ.

दत्तानं तिला समजावलं. "अगं, उघडायचं असतं हे. आत लई काय काय निघतं. चेंडू, औषधं, जनावराचा खाऊ."

"मला म्हाईत हाय."

"मग?"

"उघडलं की चित्र जातंय."

"पण बापाचं नवं पुडकं येईना झालंय ना. एखादं तर सोड."

तिनं मोबाईल काढून घेतला आणि एकेक चित्र बघितलं. परत पहिल्यापासून बघितलं. मग मोबाईल पालथा करून ठेवला आणि चिंचा फोडायला लागली. दत्ता माझ्याकडं बघायला लागला.

बापू इतका वेळ जीपला टेकून उभा होता. पुढं आला आणि मला म्हणाला, "हिची पिशवी वाढव. माझ्या खात्यातनं भर." मग मुक्ताच्या समोर उकिडवा बसला. "एक बी सोडू नको. मी बी न्हाई सोडत." त्या दिवशी बापूबद्दल मला पहिल्यांदाच आदर वाटला. परतीच्या वाटेवर भेटेल त्याला हे सांगून त्यानं तो घालवला.

बाळूचं पुडकं त्याच संध्याकाळी गेलं.

उन्हाळ्यात टोळी परतली. फाट्यावरून बाळूला आणि त्याच्या बायकोला आणायला दत्ताचीच जीप होती, म्हणून मीही गेलो. मुक्ता दारात उभी होती. आई तिला कवटाळून रडली. बाळू लांबच उभा राहिला, मग म्हणाला, "जेवलीस का?"

"हूं."

ती आत जाऊन मोबाईल घेऊन आली आणि ओट्यावर त्याच्या मांडीला मांडी लावून बसली. पहिल्या पुडक्यावर बोट ठेवलं. "हे कुठलं?"

"ही व्हय? ही कारखान्याच्या रस्त्याची कमान. तिथं आमच्या गाड्या लाईनीत थांबत्यात."

"आन् हे?"

"ही पाण्याची टाकी. आमच्या राहायच्या कोप्या तिच्याच खाली होत्या. आई तिथनंच पाणी आणायची."

"आन् हे?"

चहा निवून गेला, दुसरा झाला. नाना जनावरांना वैरण टाकून आले तरी बाळू सांगतच होता आणि मुक्ता विचारतच होती. मी तिला एका बैठकीत एवढं बोलताना कधी बघितलं नव्हतं. शेवटचं पुडकं झालं. बाळू हसला, डोळे पुसले आणि म्हणाला, "आता तर आलो मी. उघडू का आता?"

त्यानं बोट पुढं नेलं. मुक्तानं मोबाईल ओढून घेतला.

"आता नको. दसऱ्यानंतर रोज एक उघडीन."