सोड म्हणजे काय?

फोन आला तेव्हा मी मैदानावर रेघ मारत होतो. मडगावजवळच्या एका मैदानाची देखभाल गेली बारा वर्षं माझ्याकडं आहे. गवत कापायचं, पाणी द्यायचं, मॅचच्या सकाळी चुन्याचं गाडं ढकलत पांढऱ्या रेघा मारायच्या. पलीकडून रेणू म्हणाली, "काका, बाबा गेले." मी "हां… हां" म्हणत गाडं ढकलतच राहिलो. फोन खिशात ठेवून मागं बघितलं, तर रेघ वाकडी होऊन पार मैदानात शिरली होती.

रेणूचे बाबा म्हणजे मधुकर तुपे, माझा मधूदादा. छत्रपती संभाजीनगरातून बाहेर पडून ज्यानं फुटबॉलवर पोट भरलं, अकरा वर्षं मोठ्या क्लबांकडून स्टॉपर म्हणून, म्हणजे गोलकीपरच्या पुढ्यातला शेवटचा माणूस म्हणून जो उभा राहिला, तो. सकाळी पोरांचा सराव घेऊन घरी आला आणि बूट काढता काढता खुर्चीतच गेला. मी गाड्या बदलत पोहोचलो तोवर सगळं उरकलं होतं. त्याला आता पाच आठवडे झाले. रोज लिहायला बसतो आणि उठतो. आठवीत शाळा सोडलेला माणूस मी, चार ओळी लिहिल्या की वाटतं, कुणीतरी लाल पेन घेऊन मागं उभं आहे. पण मधूदादाच्या माथी माझी एक चूक पंचवीस वर्षं राहिली. ती माझ्या माथी घेतल्याशिवाय मला चैन पडणार नाही.

मी दौलताबादचा. किल्ल्याच्या पायथ्याशी मामांचं चहाचं हॉटेल होतं, शाळा सोडल्यावर तिथंच लागलो. रविवारी सायकल हाणत शहरातल्या छावणीच्या मैदानावर जायचो. सोळा वर्षांचा होतो, उंच होतो, म्हणून मला गोलमध्ये उभं केलं. पहिल्याच दिवशी चार गोल खाल्ले. पुढ्यात जो स्टॉपर होता, वाळूजच्या कंपनीत पाळीवर जाणारा, माझ्याहून पाच वर्षांनी मोठा, तो मधूदादा मागं वळून म्हणाला, "हाटेलात कामाला हायेस ना? मग लेका, गिऱ्हाईक आल्यासारखं चेंडूला आत काय घेतो? त्याला सांग, दुकान बंद हाय!" सगळे हसले. मीही हसलो, आणि पाचवा अडवला.

मैदानाबाहेर मधूदादा इतका गप्प असायचा की पुढं वहिनी म्हणायच्या, ह्यांच्यापेक्षा फळीवरचा रेडिओ बरा, तो निदान खरखरतो तरी. मैदानात मात्र तोंडाचा पट्टा नव्वद मिनिटं चालू. "डावीकडं बघ… मागं माणूस हाय… थांब… आता हाण!" स्टॉपरचं अर्धं काम तोंडानं असतं, असं तो म्हणायचा. उगाच पाय घालून समोरच्याला पाडणं त्याला आवडायचं नाही. "पाडायचं नाय. त्याला रस्ता दाखवायचा. फकस्त चुकीचा दाखवायचा." समोरचा फॉरवर्ड खुशीत त्या रस्त्यानं धावत सुटायचा आणि थेट कोपऱ्यातल्या झेंड्यापाशी गेल्यावर त्याला कळायचं, की पुढं वाटच नाही. गोल मारणाऱ्याला टाळ्या पडतात. न झालेल्या गोलाला कोण वाजवणार? मी वाजवायचो, मागं एकटा उभा राहून.

पुण्यातल्या एका स्पर्धेत गोव्याच्या क्लबानं त्याला हेरलं. त्यांना तो एकटाच हवा होता. हा म्हणाला, "कीपर बी घ्या. ह्याचा आवाज आल्याबिगर मला मागचं काय दिसत नाय." साफ खोटं. त्याला मागचं सगळं दिसायचं. पण त्या एका खोट्यावर मी मामांच्या हॉटेलातून समुद्रापर्यंत आलो. करार इंग्रजीत होता. मधूदादानं तिथल्या कारकुनाकडून ओळ न ओळ समजून घेतली, मग आपल्या बोलीत मला सांगितली आणि प्रत्येक पानावर विचारलं, "समजलं का? नाय समजलं तर सही नको." आजही कुठला फॉर्म समोर आला की आधी तो प्रश्न ऐकू येतो, मग मी पेन उघडतो.

चौथ्या मोसमात आम्ही एका मोठ्या स्पर्धेच्या फायनलला गेलो. आणि इथं तो शब्द आला… छावणीच्या मैदानावर आम्ही "सोड" म्हणायचो म्हणजे चेंडू पायात धरून बसू नको, पुढं सोड, लाथ हाण. गोव्याची पोरं "सोड" म्हणायची ती नेमकं उलट. पाय लावू नको, मला घेऊ दे. चार वर्षं त्यांच्यात राहून त्यांचा 'सोड' माझ्या तोंडात कधी बसला, माझं मलाच कळलं नाही. मधूदादाला मी नेहमी "माझा" असाच आवाज द्यायचो. त्या दिवशी पाच मिनिटं उरली होती, बरोबरी होती. एक उंच चेंडू आमच्या दोघांच्या मधोमध उतरला. मधूदादा गोलकडं तोंड करून मागं धावत येत होता. मी पुढं झेपावलो आणि घाबरून ओरडलो, "सोड! सोड!" आवाज माझा, म्हणून त्यानं छावणीतला 'सोड' ऐकला. चेंडू बाहेर काढायला पाय फिरवला, तो बुटाच्या कडेला लागला आणि माझ्या बाजूनं रिकाम्या गोलमध्ये गेला. सेमसाइड. आपल्याच गोलमध्ये आपणच मारलेला गोल. आम्ही हरलो.

कपडे बदलायच्या खोलीत कोचनं विचारलं, "कॉल किसने दिया? क्या दिया?" मी तोंड उघडलं होतं. मधूदादानं माझ्या पायावर आपला पाय दाबला आणि म्हणाला, "इसने बराबर दिया था. मेरे को सुनाई नहीं दिया. गलती मेरी." बाहेर आल्यावर मला रडू आवरेना, तर मलाच दटावलं. "नाम्या, माझ्यापाशी दहावी हाय, आयटीआय हाय. मला कंपनी परत घेईल. तुला कोण घेतंय? गप बस."

मी गप बसलो. मोसम संपल्यावर क्लबानं त्याला मोकळं केलं आणि मला ठेवलं. कंपनीत परतायची वेळ काही त्याच्यावर आली नाही. कोलकात्याच्या क्लबानं बोलावलं, तिथं तो सात वर्षं खेळला, दोन वर्षं कप्तान होता, गुडघ्यानं नाही म्हटल्यावरच थांबला. पण गावात नाव पडलं ते पडलंच. सेमसाइड मधू. माझ्या लग्नात, दौलताबादला, पंगतीत एकजण ओरडला, "मधूला मुलीकडच्यांत बसवा रे, तो ऐन टायमाला तिकडंच जातो!" सगळ्यात मोठ्यानं मधूदादाच हसला. नवरदेव मात्र मुंडावळ्यांआड तोंड लपवून बसला होता. पुढं दर दिवाळीला त्याच्या घरी जायचो ते ठरवूनच, की आज चारचौघांत सांगायचं. त्याला माझ्या चेहऱ्यावरून कळायचं. "आधी चिवडा खा," म्हणायचा, आणि ताट पुढं सारायचा. चिवडा खाऊन मी परत यायचो.

तेराव्यानंतरच्या रविवारी रेणूनं मला आणि वहिनींना मैदानावर नेलं. खेळणं थांबल्यावर मधूदादा संभाजीनगरात परतला, नोकरी धरली आणि रोज सकाळी छावणीत पोरापोरींना शिकवू लागला. दिवाळीच्या सुट्टीत ते बंद असायचं, म्हणून त्याचा सराव मी कधी बघितलाच नव्हता. आता शिट्टी रेणूच्या हातात होती. ती स्वतःही स्टॉपरच. तिनं शिट्टी मारली तसे स्टॉपर आणि कीपर जोडीजोडीनं समोरासमोर उभे राहिले आणि पाढे म्हणावेत तसे बोलू लागले.

"माझा म्हंजी?"

"तू पाय लावू नको!"

"हाण म्हंजी?"

"मैदानाभाइर!"

"सोड म्हंजी?"

"सोड म्हणायचंच नाय!"

पुढंही काहीतरी होतं, पण मला ऐकू आलं नाही. कानात सगळं घुमायला लागलं. "हे काय गं?" मी विचारलं. रेणू म्हणाली, "बाबांचं खूळ. आधी शब्द ठरवा, मगच चेंडू. 'सोड' का नाय, ते लई वेळा विचारलं. नुसतं हसायचे."

मी तिथल्या बाकावर बसलो आणि सांगून टाकलं. फायनल, उंच चेंडू, गोव्याचा 'सोड', छावणीचा 'सोड', पायावरचा पाय… पोरं भोवती गोळा झाली. रेणूनं शिट्टी मुठीत आवळली होती. माझ्या मनात एकच, आता हे घर आपल्याला तुटलं.

"पंचवीस वर्षं, भाऊजी?" वहिनी म्हणाल्या. "फायनलात ऐकू आलं नाय म्हणाले, म्हणून मी ह्यांना कानाच्या डॉक्टरकडं नेलं होतं. डॉक्टर म्हणाले, कान ठणठणीत हायेत. तरी मी थेंब आणले. महिनाभर रोज दोन-दोन थेंब… अन् हा माणूस गुमान घालून घ्यायचा!" असं म्हणता म्हणता त्यांना हसू फुटलं, आणि हसता हसता पदर डोळ्यांना गेला. "एवढं लपवून ठेवता येतं होय माणसाला," त्या म्हणाल्या, आणि मग हळूच, "सांगितलंत, बरं केलंत. उशीर केलात, पण बरं केलंत."

रेणू पुढं आली. "काका, उभे राहा. माझ्यासमोर."

उभा राहिलो. तिनं विचारलं, "माझा म्हंजी?" मी सांगितलं. "हाण म्हंजी?" सांगितलं. "सोड म्हंजी?" "म्हणायचं नाय," मी म्हणालो, तर पोरं खुसखुसली.

"अजून एक राहिलंय. मघाशी तुम्ही शेवटपर्यंत ऐकलं नाय. चूक झाली तर कोणाची?"

"माझी," मी लगेच म्हणालो. त्यात विचार करण्यासारखं काय होतं?

"नाऽऽय!" सगळी पोरं एकदम ओरडली.

"परत," रेणू म्हणाली. "चूक झाली तर कोणाची?"

"रेणू, अगं, खरंच माझीच…"

"काका, परत."

शेजारची एक कीपर पोरगी, पुढचे दोन दात पडलेली, माझी बाही ओढून कुजबुजली, "दोघांची म्हणा ना. सोप्पं हाय. सरांनी पहिल्या दिवशीच शिकवलंय."

मी रेणूकडं बघितलं. ती वाट बघत उभी होती, पाय किंचित फाकवून, हात कमरेवर, तिचा बाप उभा राहायचा तशी. तिनं तिसऱ्यांदा विचारलं.

"दोघांची," मी म्हणालो.

"मोठ्यानं. स्टॉपरला ऐकू आलं पायजे."

"दोघांची!"

"जा मग," ती म्हणाली, "गोलमध्ये उभे राहा."