नकाशावरचे मामा

“ताई, मामांचा फोटो राह्यला की!”

नितीन पुन्हा माझ्या टेबलापाशी येऊन उभा राहिला. हातात मोबाइल, मोबाइलमध्ये मामा. फेटा, गॉगल, जोडलेले हात. फायनल सुरू व्हायच्या बेतात होती आणि मी अजून फोटोच चिकटवत बसले होते.

मी व्हिडिओ एडिटर. जुन्या जालन्यात कापडाच्या ठोक दुकानांच्या वरच्या मजल्यावर माझा स्टुडिओ आहे. उमेदीची वर्षं लग्नांच्या व्हिडिओत गेली. अलीकडे कॉम्प्युटर गेमचं रेकॉर्डिंग हे नवं काम मिळायला लागलं. खेळाडूच्या स्क्रीनवर जे दिसतं ते सॉफ्टवेअरने जसंच्या तसं टिपायचं. लाइट नको, ट्रायपॉड नको, फोटोत आलो नाही म्हणून रुसलेल्या आत्या नकोत. मला वाटलं, सुटलो बुवा एकदाचे. कसलं काय! रुसणारे इथेही होते, आणि ते आत्यांपेक्षा अवघड होते.

भाऊंच्या वाढदिवसाची गेमिंग स्पर्धा होती. भाऊ म्हणजे आमच्याकडचे एक पुढारी. नाव कोणतंही घाला, गोष्ट बदलत नाही. नितीन त्यांचा कार्यकर्ता आणि या स्पर्धेचा सर्वेसर्वा. जागा मंगल कार्यालयाची. नवरा-नवरीच्या खुर्च्या कोपऱ्यात ढकलून स्टेजवर दोन कॉम्प्युटर मांडलेले, समोर मोठा पडदा, दोन्ही बाजूंना घरघरणारे कूलर.

दोन्ही खेळाडूंचे स्क्रीन केबलने माझ्या कॉम्प्युटरवर येत होते. त्यातला जो रंगात आलेला असेल तो मी पडद्यावर घ्यायची. तेच इंटरनेटवर लाइव्ह जाणार आणि तेच रेकॉर्ड होणार. भाड्याने आणलेली खेळाडूंची मशीन इतकी जेमतेम होती की त्यांच्यावर वेगळं रेकॉर्डिंग लावलं तर गेमच अडखळायचा.

या सॉफ्टवेअरमध्ये लेयर असतात, म्हणजे थर. सगळ्यात खाली गेम. त्याच्यावर चौकटीत खेळाडूचा चेहरा. त्याच्यावर नावाची पट्टी. शुभेच्छांचा बॅनर सगळ्यात वर. रेकॉर्ड होताना हे थर एकजीव होतात. भातावर वरण ओतल्यावर भात पुन्हा कोरडा होत नाही, तसंच. म्हणून मी नेहमी दोन रेकॉर्डिंग लावते. एक बॅनरसकट, दुसरं नुसत्या गेमचं. दुसऱ्याला आम्ही क्लीन फाइल म्हणतो. मशीनवर ताण येतो, पण पुढेमागे काही लागलं तर तीच कामाला येते.

सकाळी बॅनर म्हणजे तळाशी एक पट्टी होती. तिच्यात फक्त भाऊ. मग तालुकाध्यक्षांनी पडद्याकडे बघितलं आणि चहा न घेता बाहेर जाऊन उभे राहिले. त्यांचा फोटो आला. मग युवा आघाडीवाल्यांचा. मग भाऊंच्या कैलासवासी वडिलांचा, आणि वडील लेकापेक्षा लहान दिसून कसं चालेल? ते मोठे केले. आता मामांसाठी वरचा उजवा कोपरा बघितला तर तिथे प्रायोजक, बियाणेवाले आणि सळईवाले. उजवीकडे खाली बंदुकीतल्या गोळ्यांचा आकडा. उरला डावीकडचा खालचा कोपरा.

“तिथं नकाशा आहे रे,” मी म्हटलं.

“कसला नकाशा?”

मी दाखवला. गेममधल्या इमारतीचा छोटा नकाशा त्या कोपऱ्यात असतो. समोरचा खेळाडू दबकत चालला तर कळत नाही, पण पळाला की पावलं वाजतात आणि नकाशावर क्षणभर लाल ठिपका उमटतो. चांगला खेळाडू निम्मा गेम त्या ठिपक्यावर खेळतो.

“पण खेळणाऱ्याला तर त्याच्या स्क्रीनवर दिसून राह्यलं ना?”

“त्याला दिसतं. आपल्याला नाही दिसणार.”

“मंग झालं तर! टाका मामांना तिथं. ते भाऊंचे सख्खे मामा हायत. जल्दी करा.”

मामा नकाशावर बसले. वर नितीनने फोनवरून एक झेंडूच्या फुलांचा पाऊस पाठवला. तो हलता होता. तो लावल्याबरोबर लाइव्ह अडखळायला लागलं, कारण माझं मशीन आधीच दोन रेकॉर्डिंग ओढत होतं.

“ताई, भाऊ गाडीत बसून बघून राह्यले. अटकतंय म्हणाले. ते दुसरं रेकॉर्डिंग बंद करा.”

“फुलं बंद करते.”

“फुलं न्हाई. फुलं भाऊंना आवडली.”

“क्लीन फाइल नसली आणि उद्या काही भांडण झालं तर दाखवायला काही राहणार नाही.”

“काय भांडण होणारे ताई? गेमच तर हाय.”

काम त्यांचं, हुकूम त्यांचा. क्लीन फाइल बंद झाली. गेमचा आवाज आधीच काढायला लावला होता, कारण लाइव्हवर भाऊंचं गाणं वाजत होतं.

फायनलला एका बाजूला ओम, इथलाच, युवा आघाडीवाल्यांच्या घरातला. दुसऱ्या बाजूला जाफराबादची प्रज्ञा. स्वतःचा माउस पिशवीत घालून, वडिलांबरोबर सकाळच्या एसटीने आलेली. वडील जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षक. मला “जयभीम मॅडम” म्हणाले आणि लेकीच्या खुर्चीला कूलरचा वारा लागतोय का ते बघून आले. प्रज्ञाला पुण्याच्या एका गेमिंग संघाने सांगितलं होतं की ही स्पर्धा जिंकलीस तर थेट संघात घेऊ. राहणं, शिकणं, सगळं त्यांच्याकडे. चहाच्या वेळी वडिलांनीच मला हे सांगितलं. सांगताना त्यांना हसू आवरत नव्हतं. “मी हिला अभ्यास कर म्हणून ओरडायचो मॅडम. आता मीच म्हणतो, बाई, जरा खेळत जा.”

सामना बरोबरीत आला. शेवटचा डाव. मी प्रज्ञाचा स्क्रीन पडद्यावर घेतला. ती एका खोलीत, समोर बंद लाकडी दार. तिने नेम दारावर धरला, जरा डावीकडे सरकवला आणि गोळी झाडली. दारापलीकडे ओम होता. सामना संपला.

पहिली ओरड आली ती ओमच्या माणसांची.

“दाराआडचं दिसतंय हिला! हॅक लावलाय हॅक!”

हॅक म्हणजे चोरून टाकलेलं सॉफ्टवेअर. ते टाकलं की भिंती काचेसारख्या होतात. असे प्रकार होतात, नाही असं नाही. प्रज्ञा उभी राहिली. तिचं बोलणं स्वच्छ होतं.

“तो पळत आल्ता. नकाशावर ठिपका आला. मी ठिपक्यावर मारलं.”

पंच एका कॉम्प्युटर क्लासचे सर होते. त्यांनी तिचं मशीन तपासलं. काही निघालं नाही. मग म्हणाले, “सापडलं नाही म्हणजे नव्हतंच असं होत नाही.” कोणीतरी म्हणालं, माउस तिचा आहे, माउसमध्ये असेल. माउसही उलटासुलटा करून झाला.

तिचे वडील पुढे आले. “कॉम्प्युटर तुमचा, गेम तुमचा, वायरी तुमच्या. पोरीनं चोरी केली म्हणता, तर चोरी दाखवा.”

“रेकॉर्डिंग बघू,” पंच म्हणाले. “ठिपका असेल तर प्रश्नच मिटला.”

गेम स्वतः सामन्याची नोंद ठेवतो, पण इंटरनेटवरच्या सामन्याची. इथे इंटरनेटशिवाय, कार्यालयातले दोन कॉम्प्युटर आपसात जोडून सामना चालला होता, त्याची नोंद नव्हती. ओमचा स्क्रीन त्या क्षणी पडद्यावर नव्हता. म्हणजे जे काही होतं ते माझ्या एका फाइलमध्ये. मी तो क्षण काढला आणि मोठ्या पडद्यावर लावला. लाकडी दार. नेम. डावीकडच्या कोपऱ्यात मामा, हात जोडून, आणि त्यांच्यावर झेंडूची फुलं पडतायत.

“फोटो बाजूला घ्या,” पंच म्हणाले.

“घेता येत नाही सर.”

“अहो, खालचा नकाशा बघायचाय.”

“खाली नकाशा नाही. फोटोच्या खाली काहीच नाही.”

लोकांना हे समजावणं फार अवघड जातं. त्यांना वाटतं, फोटो चिकटवलेला आहे, नखाने उचकटला की खालचं दिसेल. मी हळू, फ्रेम फ्रेम करून दाखवलं. प्रत्येक फ्रेममध्ये मामा. मी स्वतः तो ठिपका पाहिला होता का? नाही. सामना चालू असताना माझ्यासमोरही मामाच होते.

पण एक गोष्ट मला दिसली. वरच्या चौकटीत प्रज्ञाचा चेहरा होता. गोळी झाडायच्या जरा आधी तिची नजर खाली डावीकडे जाते, परत दारावर येते, आणि मग बोट दाबलं जातं. भिंतीपलीकडचं आरपार दिसत असेल तर माणूस दारावरची नजर कशाला काढेल? वर्षानुवर्षं नवऱ्या मुलींच्या नजरा कुठे वळतात ते बघून कट मारत आलेय मी. नजर मला कळते. मी तो तुकडा पुन्हा पुन्हा लावला.

“सर, ती नकाशाकडे बघतेय.”

पंचांनी बघितलं. त्यांनाही दिसलं, हे मी छातीठोक सांगते. पण त्यांनी आधी माझ्याकडे बघितलं, मग नितीनकडे.

“डोळ्यांवरून निकाल देता येत नाही मॅडम.”

नितीन माझ्या कानाशी वाकला. “ताई, बॅनरमुळं दिसंना असं बिलकुल बोलू नका. तांत्रिक अडचण म्हणा. भाऊ दारात आलेत.”

पंचांनी माइक घेतला. तांत्रिक अडचणीमुळे चित्रण अस्पष्ट असल्याने, आणि संशयाला जागा असल्याने, खेळाडूला बाद करण्यात येत आहे.

माझं डोकं फिरलं. मी जागेवरूनच ओरडले, “चित्रण अस्पष्ट नाही! चित्रण एकदम स्पष्ट आहे. मामांच्या शर्टाची बटणं मोजता येतील इतकं स्पष्ट आहे!”

दोघंतिघं हसले. कोणीतरी भाऊंचं गाणं मोठं केलं.

प्रज्ञा रडली नाही. ती म्हणाली, “परत खेळू द्या. एकच डाव. माझा पूर्ण स्क्रीन दाखवा सगळ्यांला.” ओम म्हणाला, “खेळतो की. मला काय!” पोरगं बरं होतं. तू तेव्हा दाराआड पळत होतास का, हे त्याला कोणी विचारलंसुद्धा नाही. मी विचारायला उठले, तोवर त्याच्या माणसांनी त्याला दंडाला धरून स्टेजवर नेलं होतं. भाऊ आले होते, हार तयार होता, आणि पुन्हा खेळायला वेळ नव्हता.

प्रज्ञाच्या वडिलांनी माउसची वायर नीट गुंडाळली आणि पिशवीत ठेवली. दारात ते थांबले. “मॅडम, तुम्ही बोललात, बरं वाटलं,” म्हणाले. मला बरं वाटलं नाही. मला नितीनचं मानगूट धरावंसं वाटत होतं.

पुण्याच्या संघाने तिला कळवलं की बाद झालेल्या खेळाडूला घेता येत नाही. नियम आहे. तिने माझ्याकडे तो तुकडा मागितला, त्यांना नजर दाखवायची म्हणून. मी पाठवला. उत्तर आलं की नकाशा दिसत नाही, पूर्ण स्क्रीनचं रेकॉर्डिंग असेल तर पाठवा.

त्याच सुमारास भाऊंच्या पेजवर स्पर्धेचा व्हिडिओ आला. सुरुवातीलाच लाकडी दार, नेम, गोळी. खाली फुलं, फोटो, सगळी मंडळी. ‘भाऊ चषकातला सर्वात जबरदस्त शॉट.’ वरची चेहऱ्याची चौकट कापलेली, नावाची पट्टी कापलेली. मी तो तुकडा दिला नव्हता. त्यांनी लाइव्हवरून उचलला. मी नितीनला फोन लावला.

“तिला चोर ठरवलंत ना? मग तिचाच शॉट कशाला लावला?”

“ताई, दुसऱ्या क्लिपमधी समदे फोटो बराबर येत नव्हते. याच्यात मामा एकदम क्लियर हायत.”

त्याला यात काही चुकलंय असं वाटत नव्हतं. खरंच वाटत नव्हतं, म्हणून मला जास्त राग आला. पुढच्या वाढदिवसाचं काम मीच करावं, असंही तो त्याच फोनवर म्हणाला. मी नाही म्हटलं. काम दुसऱ्या कोणीतरी केलं असेल.

प्रज्ञाने व्हिडिओची लिंक मला पाठवली. खाली लिहिलं होतं, ‘मॅडम, याच्याखाली लोक विचारून राह्यले, हा शॉट मारणारा कोण. मी सांगू का?’

मी सांग म्हटलं. तिने लिहिलं. थोड्या वेळाने तिची कमेंट काढून टाकलेली होती.

या धंद्यात येणाऱ्या नव्या लोकांना मी आता एकच सांगते. बॅनर कोणाचाही लावा, फुलं पाडा, गाणी वाजवा. पण क्लीन फाइल कोणाला विचारून चालू करू नका आणि कोणाच्या सांगण्यावरून बंद करू नका. मी हे शिकले, पण किंमत जाफराबादच्या एका पोरीने मोजली.