चेंडूसाठी पुढे केलेला हात

अमेरिकेतल्या एडिसनच्या देवस्थळ्यांचा परीक्षित बेसबॉल खेळायला निघाला, तेव्हा त्याच्या आईनं, प्रतिमाकाकूंनी, कपाळावर हात मारून घेतला. सगळ्यांची मुलं कोडिंग करणार, आणि आमचे चिरंजीव चेंडू फेकणार! पण पठ्ठ्यानं खरंच फेकला. बसनं गावोगाव हिंडणाऱ्या एका छोट्या संघात तो पिचर, म्हणजे चेंडू फेकणारा, झाला. कोपर ठणकत असतानाही मॅनेजरनं खेळवत ठेवलं, आणि पंचविशीच्या आतच त्याचा खेळ आटोपला. त्याचा उजवा हात आजही पुरता सरळ होत नाही.

पुढे तो त्याच संघाचा मॅनेजर झाला. या खेळात मॅनेजर भर सामन्यात मैदानात चालत जातो, पिचरपुढे हात करतो, आणि पिचरनं निमूटपणे चेंडू त्या हातात ठेवून बाहेर जायचं. वाद नाही की विनवणी नाही. चेंडू मागायला परीक्षित फार लवकर जायचा. हातात आलेले सामने त्यापायी घालवले, मालकाच्या शिव्या खाल्ल्या, पण त्याच्या हाताखाली एकाही खेळाडूचं कोपर गेलं नाही. शेवटी मालकानं त्यालाच नारळ दिला.

मग पोटापाण्यासाठी तो सिनेमावाल्यांकडे लागला. नटांना खेळाडूसारखं उभं राहायला शिकवायचं, हे काम. एका सिनेमात नायकाऐवजी पाठमोरं उभं राहून चेंडू फेकायला त्यानं आपला जुना पिचर रुबेन याला आणलं. रुबेनला मार्चमध्ये मोठ्या संघात चाचणी द्यायची होती.

"माझा हात सांभाळशील ना, स्किप?" त्यानं विचारलं. खेळाडू मॅनेजरला स्किप म्हणतात.

"मी आहे ना," परीक्षित म्हणाला.

शूटिंग कडाक्याच्या थंडीत होतं. दिग्दर्शिका 'कट' म्हणेपर्यंत कॅमेऱ्यासमोर कुणी पाऊल टाकायचं नाही, हा तिथला दंडक. बाईंना मनासारखा शॉट मिळेना आणि रुबेन फेकतच राहिला. हात थकून त्याचं कोपर खाली यायला लागलंय, हे परीक्षितला स्पष्ट दिसत होतं. तो बाईंच्या कानाशी जाऊन पुटपुटला. आता शेवटचाच, त्या म्हणाल्या. शेवटचा झाला, तरी पुन्हा तेच.

अरे, जा ना मेल्या! ज्याच्यापायी नोकरी घालवलीस, त्याच कामाला आता परवानगी कसली मागतोस? पण हीही नोकरी गेली तर या वयात कुठं जायचं, या धास्तीनं त्याचे पाय उचलेचनात. तो 'कट'ची वाट बघत उभा राहिला.

पुढच्याच फेकीला रुबेन किंचाळला आणि चेंडू निसटून त्याच्या पायाशी पडला.

मग चेंडू उचलून, कोपर छातीशी धरून तो परीक्षितकडे चालत आला. परीक्षितचा हात खालीच लोंबत होता. रुबेननं डाव्या हातानं चेंडू त्याच्या तळव्यात कोंबला आणि निघून गेला. मार्चची चाचणी त्यानं दिली नाही.

बाईंनी तोच पाठमोरा शॉट सिनेमात ठेवला, किंकाळीसकट. एडिसनच्या थिएटरात प्रतिमाकाकू लेकाशेजारी बसून पाहत होत्या. त्यांच्या अंगावर काटा आला.

"किती खरं ओरडलाय रे तो हिरो," त्या कौतुकानं म्हणाल्या. "तूच शिकवलंस ना?"

परीक्षित 'हो' म्हणाला.