भिंतीला सोडलेले दात

सखारामभाऊजी गेल्याची बातमी मला लाल गाडीच्या कंडक्टरने दिली. शेलूबाजारची सकाळची गाडी वाशीमला लागली, उतारू उतरले, आणि तो तिकिटांची पेटी काखेत तशीच धरून आमच्या ऑफिसच्या दारात येऊन उभा राहिला. "साहेब, आमचे सखारामभाऊ गेले. पहाटं, झोपेतच." माझ्या तोंडून पहिला प्रश्न निघाला तो असा : "घरीच होते का?" त्याने मान हलवली. "हव, घरीच होते. सोताच्या खाटेवर." भाऊजींना ओळखणाऱ्या कोणालाही हा प्रश्न विचित्र वाटणार नाही. ते बसचे ड्रायव्हर होते आणि त्यांच्या आयुष्यातल्या कितीतरी रात्री परगावी, उभ्या गाडीत गेल्या होत्या. आता दीड महिना होत आला. आक्काचं सांत्वन करून झालं, कोणाचं कसं चालेल ते बोलून झालं. पण मला त्यांच्याबद्दल जे सांगायचं होतं ते कुठल्याच बैठकीत सांगता आलं नाही, म्हणून इथे लिहितो आहे.

भाऊजी म्हणजे माझ्या थोरल्या बहिणीचे, आक्काचे, यजमान. आम्ही अनसिंगचे. बाबा आधी लोकांच्या शेतात राबले, मग रेल्वेच्या रुळांवर गँगमध्ये लागले. छप्पन साली आमच्या वस्तीने धम्म स्वीकारला, तेव्हापासून बाबांनी एकच धरून ठेवलं होतं, पोरं शाळेतून काढायची नाहीत. मी घरातला पहिला बी. ए. झालो. त्याचं श्रेय बाबांना आहे तसं भाऊजींनाही आहे. मी अकोल्याला शिकत होतो तेव्हा त्यांची ड्यूटी त्या लाइनीवर असली की आईने बांधून दिलेल्या भाकरी त्यांच्या गाडीतून येत. ड्रायव्हरशेजारच्या बॉनेटवर ते गाठोडं ठेवत, आणि इंजिनाच्या उबेने भाकरी माझ्या हातात गरमच पडत. "घ्या बीए साहेब, डिझेलवर शेकली हाय. पेपरात पास होसान तं बरं, नाईतर गाडी बंद पडन," असं म्हणून ते हॉर्न वाजवत निघून जात.

मला वाशीमला सरकारी ऑफिसात नोकरी लागली आणि दोन-तीन वर्षांतच, एकाहत्तर साली, आम्हा नोकरदारांची एक गृहनिर्माण सोसायटी उभी राहिली. गावाबाहेर प्लॉट पडले. प्लॉट आणि त्यावरचं घर गहाण ठेवायचं, वीस वर्षांच्या मुदतीचं कर्ज घ्यायचं, हप्ता पगारातूनच कापला जायचा. एका ओव्हरसियरने मला नकाशा काढून दिला : चार खोल्या, वर स्लॅब, पुढे पोर्च. तो नकाशा मी अनसिंगला नेऊन बाबांना दाखवला. त्यांना त्यातलं काही कळलं नाही, पण "स्लॅब" हा शब्द कळला. आमचं जुनं घर पावसाळ्यात इतक्या ठिकाणी गळायचं की आई होती तोवर ती भांडी कमी पडतात म्हणायची. बाबांनी नकाशावर हात फिरवला आणि म्हणाले, "सिलाप पाहून मरतो मंग."

कर्जाची मला भीती वाटली नव्हती, आणि का वाटली नव्हती हे सांगायला हवं. आमच्या घरात कर्ज म्हणजे सवाई. पेरणीला ज्वारीचं पोतं उचलायचं, सुगीला सव्वा पोतं परत करायचं, संपलं. सोसायटीचं व्याज शेकडा सवाईच्या निम्म्याहूनही कमी होतं. मी ते रकमेत एकदा मिळवलं, वीस वर्षांनी भागलं, आणि हे तर फुकटच म्हणायचं, असं ठरवून टाकलं. हप्त्याचा आकडा माझ्या हिशेबापेक्षा बराच मोठा आला तेव्हा मला वाटलं की सोसायटीचा काही वरखर्च असेल. बी. ए.ला माझा इतिहास होता.

पायाची आखणी झाली त्या दिवशी बाबा, माझी धाकटी बहीण प्रमिला आणि आक्का-भाऊजी असे सगळे प्लॉटवर आले होते. रहीममिस्त्रींनी सुतळी ताणून पांढऱ्या फक्कीने जमिनीवर आख्खं घर काढलं. आमच्याकडे आखणी झाली की पाहुण्यांनी त्या रेषांच्या घरातून फिरून यायचं अशी रीत आहे. भाऊजी चपला काढून आत शिरले. रेषा कुठेही ओलांडायची नाही, दाराची जागा सोडली होती तिथूनच जायचं, असं त्यांचं चाललं होतं. एका ठिकाणी तर मान खाली घालून गेले. आक्का म्हणाली, "काहून वाकून राह्यले?" ते म्हणाले, "चौकट ठेंगनी हाय." सगळे हसले.

मग ते पहिल्या खोलीत उभे राहिले. "हे कोनाची खोली?"

"बसायची."

"अन् हे?"

"ही… पुढे माझं लग्न झाल्यावर."

"बायकोचा पत्ता नाई अन् तिची खोली आखून बसला! बरं. कर्ज कोन्या साली फिटते?"

"एक्याण्णव साली."

"एक्याण्णव." त्यांनी तो आकडा सावकाश उच्चारला, जणू लांबच्या गावाच्या पाटीवर वाचला. मग ते एकेका खोलीत जाऊन विचारू लागले. एक्याण्णवमध्ये इथं कोण बसलेलं असेल? बाबा केवढे असतील? तू केवढा? सुरुवातीला आम्ही गमतीने उत्तरं देत होतो. स्वयंपाकघराच्या रेषेत आले तेव्हा प्रमिला तिथेच विटेवर बसली होती. ती त्याच वर्षी मॅट्रिक पास झाली होती. तिला अकोल्याला सायन्सला जायचं होतं आणि मी "हो, बघू" म्हणत आलो होतो. भाऊजींनी तिला विचारलं, "प्रमे, तू कोठी हायस एक्याण्णवमध्ये?"

मीच म्हणालो, "तिचं लग्न झालेलं असेल तोपर्यंत."

"ते झालं. पन शिकून का अशीच?"

स्कॉलरशिप मिळाली असती, पण ती सहा-सहा महिने उशिरा येई. तोपर्यंतची खानावळ, पुस्तकं, जाणं-येणं माझ्याच पगारातून निघणार होतं, आणि हप्ता कापून गेल्यावर त्या पगारात अनसिंगला पाठवायचे पैसे सोडले तर काही उरत नव्हतं. हे मला माहीत होतं. पण माहीत असणं वेगळं आणि त्या पांढऱ्या रेषांच्या चौकोनात तिला विटेवर मान खाली घालून बसलेली पाहणं वेगळं. चार खोल्यांची किंमत तिथे बसली होती.

भाऊजींनी मला बाजूला विटांच्या ढिगाकडे नेलं आणि बिडी पेटवली. मी त्यांना माझा सवाईचा हिशेब सांगितला. ते हसले नाहीत. "मी बी तसंच समजलो होतो," ते म्हणाले. "व्याज एकदा नसते बाप्पा. दरसाल असते. जितकं मुद्दल राह्यलं तितक्यावर, पुन्हा दरसाल. वीस सालात एका घराच्या पैशात दोन घरं देतो आपन, अन् राहाले एकच भेटते."

"पण घर तर आपलं होतं ना भाऊजी?"

"होते न. माह्यं नाई झालं?" शेलूबाजारला त्यांचं चांगलं पक्कं घर होतं. आमच्या सगळ्या नात्यात पहिलं. "हप्ता भरासाठी मी मुक्कामी गाड्या घेतल्या. जास्तीचा भत्ता भेटते म्हनून. शिरपूरले मुक्काम, आज या गावले, उद्या त्या गावले. मांगच्या आठवड्यात रात्री घरी होतो. पानी प्यायले उठलो, तं माह्याच घरात मले लाइटचं बटन सापडेना. भिंत चाचपून राह्यलो आंधळ्यावानी. तुही आक्का उठली, तिनं लावलं." त्यांनी बिडी विझवली. "गाडीतलं बटन मले झोपीत बी सापडते."

एवढंच बोलले. घर बांधू नको असं म्हणाले नाहीत, हे मी मुद्दाम लिहितो. ते उठले, रहीममिस्त्रींकडे गेले आणि विचारलं, "मिस्त्री, दोन खोल्या आज अन् दोन मंग, असं जमते का?" मिस्त्री म्हणाले, "क्यों नहीं जमेगा? दीवार को दाँत छोड़ देंगे." भिंत संपते तिथे ती सरळ कापायची नाही, एकाआड एक वीट बाहेर काढून ठेवायची, म्हणजे पुढची भिंत तिच्यात गुंतवता येते. त्याला दात सोडणं म्हणतात. मी बाबांकडे पाहिलं. भाऊजींनीच त्यांना सांगितलं, "मामाजी, सिलाप आता नाई होत. टिनं पडतीन." बाबांचा चेहरा उतरला. ते जावयाशी कधी चढ्या आवाजात बोलले नव्हते, त्या दिवशी म्हणाले, "वा जवाईबापू! पाहुने म्हनून आले अन् अर्धं घर घेऊन चालले." भाऊजी म्हणाले, "अर्धं प्रमीच्या नावानं अकोल्याले पाठवून राह्यलो." बाबांनी प्रमिलेकडे पाहिलं. मग स्वतःच पुढे झाले आणि पायाने मागच्या दोन खोल्यांची फक्की पुसू लागले. प्रमिला उठून त्यांच्या मदतीला गेली. ती रडत होती की हसत होती, मला कळलं नाही. दोघांचे पाय घोट्यापर्यंत पांढरे झाले होते.

मी निम्म्याहून कमी कर्ज घेतलं आणि मुदत सात वर्षांची ठेवली. आजूबाजूला स्लॅबची घरं उभी राहिली आणि त्यांच्यामध्ये आमचं दोन खोल्यांचं, टिनांचं, दोन बाजूंनी विटा बाहेर आलेलं घर. कॉलनीत त्याला "दात विचकलेला बंगला" म्हणत. माझे साहेब एकदा चहाला आले आणि विचारून गेले की भूकंप झाला होता का. वर्ष झाल्यावर मी सोसायटीत जाऊन मुद्दल किती उतरलं ते विचारलं, आणि एवढ्या छोट्या कर्जातही हप्त्याचा केवढा भाग नुसत्या व्याजात गेला ते ऐकून खुर्चीत बसलो. वीस वर्षांचं घेतलं असतं तर पहिल्या वर्षी मुद्दल हललंच नसतं. त्यानंतर बोनस मिळो, थकबाकी मिळो, चार पैसे जास्तीचे भरत गेलो, आणि सोसायटीत शेजाऱ्यांनाही विचारायला सांगू लागलो. काहींनी विचारलं, काही रागावले. बाबा टिनांखाली राहायला आले तेव्हा पहिल्या पावसाळ्यात कुरकुरले, "काय आवाज करते, भजन लावल्यावानी." दुसऱ्या पावसाळ्यात सांगू लागले की त्या आवाजाशिवाय झोप येत नाही. आणि एक थेंब आत पडत नाही, हे ते येणाऱ्या-जाणाऱ्याला वर बोट करून दाखवत.

प्रमिला बी. एस्सी. झाली, बी. एड. झाली. आज ती शिरपूरच्या शाळेत विज्ञान शिकवते. सत्त्याहत्तर साली तिने पहिल्या काही पगारांतून पैसे साठवून माझ्या हातात ठेवले आणि म्हणाली, "दादा, माझी खोली परत आखा." पूर्वेच्या दातांमध्ये तिसऱ्या खोलीची भिंत गुंतली. रहीममिस्त्रींनी जुन्या विटा ओल्या करून साफ केल्या, त्यांत नव्या बसवल्या, आणि गिलावा झाल्यावर जोड कुठे आहे ते त्यांनाही दाखवता येईना. तोवर माझंही लग्न झालं होतं; त्या दिवशी आम्ही सगळ्यांनी बुद्धवंदना घेतली. भाऊजी आले होते. नव्या खोलीत शिरताना त्यांनी मान खाली घातली. "चौकट तं उंच हाय," आक्का म्हणाली. "सवय झाली मले," ते म्हणाले.

त्याच वर्षी त्यांचंही कर्ज फिटलं आणि त्यांनी मुक्कामी गाडी सोडली. दिवसाची ड्यूटी घेऊन संध्याकाळी घरी येऊ लागले. दिवाळीच्या सुट्टीत मी शेलूबाजारला गेलो होतो, तेव्हा जेवणं झाल्यावर लाइट गेली. थोड्या वेळाने परत आली तेव्हा खोलीतला दिवा बंदच राहिला, कोणीतरी बटन खाली-वर केलं होतं. भाऊजी काळोखात उठले, दोन पावलं टाकली आणि पहिल्याच झटक्यात दिवा लागला. माझ्याकडे बघून म्हणाले, "पाह्यलं का बीए साहेब?" त्यांना एवढं खूश मी क्वचितच पाहिलं असेन. अशी दोनच वर्षं त्यांना मिळाली. ती कमी होती असं आम्हाला वाटतं. आक्काला विचारलं तर ती म्हणते, "दोन सालं साऱ्या रात्री घरी होते गा ते. रोज दारात बसून मले वाट पाहा लागत नव्हती."

गेल्या वर्षी, मुदतीच्या काही महिने आधीच, माझा शेवटचा हप्ता गेला, गहाणखत सुटून घरी आलं. बाबांनी तो कागद उलटा धरून बराच वेळ पाहिला. आता चौथ्या खोलीचं चाललं आहे, आणि तिच्यावर स्लॅब टाकायचा, तो मात्र कर्जाशिवाय, असं ठरलं आहे. बाबा अजून खुटखुटीत आहेत. रोज मला सिमेंटचा भाव विचारतात.

उत्तरेच्या भिंतीचे दात तेवढे आता उरले आहेत. भाऊजी आले की आपली जेवणाची कापडी पिशवी त्यातल्याच एका विटेला अडकवायचे, खुंटी असूनही. "हे खुंटी माही हाय," म्हणायचे. त्या विटेची कड पट्ट्याने घासून गुळगुळीत झाली आहे. परवा रहीममिस्त्री माप घ्यायला आले तेव्हा मी त्यांना विचारलं, की सगळे दात भरा, पण ही एक वीट आतल्या बाजूने बाहेर काढून ठेवता येईल का? ते म्हणाले, "आपने बोला तो हो गया." शेजारी माझा दीड वर्षाचा मुलगा वाळूत खेळत होता. एक्याण्णव साली तो तेरा-चौदा वर्षांचा असेल आणि आणखी दोन-तीन वर्षांत प्रमिलेसारखं त्यालाही कुठेतरी शिकायला जायचं असेल. ते साल अजून खूप लांब आहे… पण ते आमच्या दारात हप्ता न मागता, मोकळ्या हाताने येणार आहे, आणि ते तसं यावं म्हणून एक माणूस फक्कीच्या घरात मान वाकवून फिरला होता.