आडनावावरचा अंगठा

सोमवारी, दहा तारखेला निकाली निघालेल्या केसेसचे गठ्ठे बांधायचं काम काढलं, त्यात तिची फाइल आली.

कागद पुढे करताना ती आडनावावर अंगठा ठेवायची. "ताई, एवढं सोडून बाकी वाचा."

कल्याणच्या कोर्टाजवळ ज्या वकिलांकडे मी टायपिंग करते, त्यांच्याकडे तिची घटस्फोटाची केस होती. तुम्ही तिला पाहिलंही असेल. डोंबिवलीच्या एका दवाखान्यात आया होती, ड्युटीची निळी साडी नेसूनच तारखेला यायची.

नवरा शीळफाट्याला दुसरा संसार थाटून बसलेला. सात वर्षं त्याच्या वकिलाचा एकच अर्ज: अशील आजारी आहे.

"इतका आजारी माणूस, ताई, अजून मरत कसा नाही?" ती म्हणायची. आम्ही हसायचो.

दिवा स्टेशनजवळ तिने स्वतःच्या कमाईने एक खोली घेतली होती. सोबत राहणाऱ्या भाचीला ती मिळावी, एवढंच तिला हवं होतं. मृत्युपत्र मी टाइप करून ठेवलं. ही सही करेना.

"खोलीचे कागद त्याच्या आडनावाने आहेत. हेही तसंच करावं लागेल," मी म्हटलं.

"मरणाचा कागद बापाच्या आडनावाने करीन. निकाल लागू दे."

"आणि त्याआधी काही झालं तर?"

"मी काय त्याच्यासारखी आजारी आहे?"

मे महिन्यात दवाखान्याच्या जिन्यातच कोसळली. पुढच्या तारखेला नवरा पहिल्यांदाच वेळेवर आला, तिच्या मृत्यूचा दाखला घेऊन. अर्जदार मयत, केस बंद. दोन मिनिटं लागली.

मी गठ्ठ्याला गाठ मारत होते, तेवढ्यात भाची आली. मावशीच्या नवऱ्याने तिला खोली सोडायला सांगितलेलं.

"मावशीची केस मी चालवते. मला वारस म्हणून लावा ना."

जमिनीची केस असती तर लावलं असतं. घटस्फोट मागणारी गेली की तो दुसऱ्या कोणाला मागता येत नाही. ती त्याची बायको म्हणूनच मेली. मूलबाळ नाही, मृत्युपत्रावर सही नाही, म्हणजे खोली त्याची. तिने दोनदा विचारलं, मी दोनदा तेच सांगितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी दिव्याला गेले. भाचीचं सामान न्यायला टेम्पो दारात उभा होता आणि पाण्याचे दोन्ही ड्रम काठोकाठ भरलेले.

"पहाटे पाणी आलं, सवयीने भरलं," भाची म्हणाली. "त्याच्यासाठी ठेवायचं नाही."

मी शेजारणींना हाका मारल्या. त्यांनी हंडे भरून नेले. तळाचं पाणी आम्ही दोघींनी मोरीत ओतलं आणि ड्रम टेम्पोत चढवले.