बारा निळे बल्ब

एदिल्मा कुणाच्याही अंगणात शिरली की आधी यजमानांशी बोलत नसे. उजवा हात पुढे धरून ती अंगणभर फिरे. दिवस मावळताना हाताची कातडी कुठे कशी दिसते ते पाहायचं. तिच्या मते खरं काम तेवढंच. शिडी चढणं आणि वायरी ताणणं काय, कुणालाही जमतं.

सोलेदाद गावाच्या नदीकडच्या वस्तीत अठरा वर्षं तिने अशी अंगणं उजळली होती. बल्ब ती स्वतः रंगवायची. साधे बल्ब रंगाच्या डब्यात बुडवायचे आणि कपडे वाळत घालायच्या तारेला उलटे टांगायचे. तिचे नियम ठरलेले होते. जेवणाच्या टेबलावर पिवळा, कारण हिरव्या उजेडात कोंबडी घातलेला भात शिळा दिसतो. हिरवा फक्त झाडात. नाचायच्या जागी लाल, पण उंचावर. लाल उजेड डोक्याशी आला की पुरुष भांडतात, असं ती म्हणायची आणि त्यावर कुणाला वाद घालू देत नसे. नुसता पांढरा उजेड मात्र फक्त मयताच्या घरी. तिथे नऊ रात्री लोक बसतात, त्यांना एकमेकांचे डोळे दिसायला हवेत, गरम कॉफीचा कप कुणाच्या हातात देतोय ते दिसायला हवं.

वस्तीला हे इतकं अंगवळणी पडलं होतं की अंगणात पांढऱ्या माळा दिसल्या की बायका दारातच छातीवर क्रूसाची खूण करायच्या आणि न्यायला कॉफीची पुडी शोधायला लागायच्या. कुणी गेल्याचा निरोप पाठवावा लागत नसे.

आणि निळा? निळा संथ गाण्यांसाठी. पण रंगवलेला निळा तिला कधीच मनासारखा जमला नाही. दोन रात्रींत पोपडे निघायचे, उजेड मळकट पडायचा. म्हणून लेक युरानिस पोटात असताना बारान्किया शहरातलं बल्बांचं एक जुनं दुकान बंद होतंय असं कळल्यावर ती सातव्या महिन्यात बसचे धक्के खात गेली आणि काचच निळी असलेले बारा बल्ब घेऊन आली. मुलगी होणार हे तिने मनाशी ठरवून टाकलं होतं. तिच्या पंधराव्या वाढदिवसाला बापलेकीने नाचायच्या वॉल्ट्झला हे बल्ब लागतील, त्याआधी नाही. अंड्यांच्या खोक्यात घालून तिने ते पलंगाखाली ठेवले. कुणालाही भाड्याने दिले नाहीत. चालतात का हे बघायलाही कधी पेटवले नाहीत. उगाच आयुष्य कशाला कमी करायचं त्यांचं!

जानेवारीत युरानिसला पंधरा वर्षं पूर्ण होणार होती. डिसेंबरातच तिने जाहीर करून टाकलं, "आई, मला सगळं पांढरं हवंय."

"फ्रॉक ना? आहेच की पांढरा."

"दिवे गं. छोटे छोटे, पांढरे. हे बघ." तिने फोन आईच्या नाकाशी धरला. कुठल्याशा परक्या बागेत शेकडो बारीक दिवे चमकत होते.

"हे मयताचं अंगण आहे," एदिल्मा म्हणाली.

"आई, जगात कुठेही मयताचं नसतं ते. फक्त आपल्या गल्लीत. तुझ्यामुळे."

"मग पार्टी जगात कर. गल्लीत कशाला करतेस?"

महिनाभर हेच चाललं. एदिल्मा निळ्या बल्बांबद्दल दोनदा बोलली. दोन्ही वेळा युरानिस "जुनाट आहे गं ते, फोटोत सगळे भुतासारखे दिसतात" म्हणाली. तिसऱ्यांदा एदिल्मा बोललीच नाही. नवरा पनामात कामाला, त्याला फोन केला तर तो म्हणाला, "तिचा वाढदिवस आहे, तिला हवं ते कर." दुरून शहाणपण सुचायला काय जातंय! तिला रात्र रात्र झोप येईना. पोरगी हातातून निसटतेय, आज दिवे नकोत म्हणते, उद्या घर नको म्हणेल. मग सकाळी उठून ती त्याच रागात भांडी आपटायची.

शेवटी रागाच्या भरात तिने एक मूर्खपणा केला. पलीकडच्या वस्तीतल्या एका लग्नाला तिने आपल्या सगळ्या वायरी, सगळे होल्डर, सगळे रंगीत बल्ब पार्टीच्याच शनिवारी भाड्याने देऊन टाकले. "तुला नकोत ना? मग घरात राहिले काय, गेले काय." युरानिसने मॉलमधून पांढऱ्या माळा आणल्या. त्यांतले दिवे तांदळाच्या दाण्याएवढे, वायरीतच चिकटवलेले. एक गेला तर बदलायचीही सोय नाही. एदिल्माने माळ बोटांत धरून पाहिली आणि खाली ठेवली.

शनिवारी साडेसहाला अंधार पडला आणि युरानिसने बटण दाबलं. अंगण पांढरंफटक उजळलं. भाड्याच्या प्लास्टिकच्या खुर्च्या ओळीने मांडलेल्या. गाणी वाजवणाऱ्या विल्फ्रिदोचे भलेमोठे स्पीकर ट्रकसकट कुठेतरी रस्त्यात अडकले होते, त्यामुळे सगळीकडे शांतता. युरानिस आत केस करून घेत होती. अंगणात एकटे नेपोमुसेनो, एदिल्माचे सासरे, एकोणनव्वद वर्षांचे, इस्त्रीचा शर्ट घालून कापडी झोपाळ्यात डोळे मिटून पडलेले. गेला महिनाभर त्यांचा खोकला अख्ख्या गल्लीला ऐकू जात होता.

पहिल्या आल्या तार्सिलाबाई. वस्तीतल्या प्रत्येक मयताला जपमाळेची प्रार्थना त्याच सांगत. काळा झगा, हातात जपमाळ, काखेत कॉफीची पुडी. मागून चार बायका, त्यांच्यामागे मयताची रात्र जागवायला डोमिनोच्या सोंगट्यांची पेटी घेतलेले दोन म्हातारे.

"एदिल्मा, पोरी," तार्सिलाबाईंनी तिला छातीशी धरलं, "सुटले गं बिचारे. फार खोकत होते."

"कोण सुटलं?"

पण बाई प्रार्थनेला लागल्याही होत्या. चार बायकांनी खुर्च्या ओढल्या आणि सूर धरला. म्हाताऱ्यांनी टोप्या काढल्या. एदिल्मा "अहो बाई, अहो थांबा" म्हणत राहिली, पण तार्सिलाबाईंची प्रार्थना एकदा सुरू झाली की मध्येच तोडायची कुणाची टाप नव्हती. फाटकातून आणखी माणसं आत येत होती. ज्यांना पार्टीचं आमंत्रण होतं तीसुद्धा पांढरा उजेड पाहून परत घरी गेली होती आणि रंगीत कपडे बदलून काळे घालून आली होती.

त्या आवाजाने नेपोमुसेनो जागे झाले. झोपाळ्यातून मान वर काढून त्यांनी विचारलं, "काय गं तार्सिला, कोण गेलं?"

तार्सिलाबाईंची माळ हातातच थांबली. "तुम्ही," त्या म्हणाल्या.

"मला कुणी सांगितलं नाही," म्हातारा म्हणाला आणि खोकायला लागला.

कुणीतरी खुदकन हसलं. मग सगळेच हसायला लागले. तार्सिलाबाई मात्र भडकल्या. "हसायचं काय त्यात? हिनेच अठरा वर्षं शिकवलंय, पांढरा उजेड म्हणजे काय ते! गुडघे दुखतायत माझे, तरी पळत आले."

एवढ्यात युरानिस दारात आली. पांढरा फ्रॉक, डोक्यावर मुकुट. समोर काळ्या कपड्यातली चाळीस माणसं. तिने एकवार सगळ्यांकडे पाहिलं आणि आत जाऊन खोलीचं दार लावून घेतलं.

एदिल्मा दाराबाहेर उभी राहिली. तोंडाशी आलं होतं ते निघूनच गेलं, "मी सांगत होते तुला."

"हो, सांगत होतीस!" आतून आवाज आला. "तू नेहमी सांगतच असतेस. त्यांना कुणी शिकवलं हे सगळं? तुझं सामान दुसऱ्यांच्या लग्नाला कुणी दिलं? आता लाव ना तुझे लाल-पिवळे! लाव!"

एदिल्मा संतापून दारापासून निघाली. तिने स्वयंपाकघरात जाऊन भाताचं झाकण उचललं आणि परत आपटलं. बाहेर म्हाताऱ्यांनी डोमिनो मांडले होते. बायकांनी आणलेल्या कॉफीचं आधणही ठेवलं होतं. मयत नाही तरी कुणी घरी जात नव्हतं आणि पार्टी असून कुणी हसत-बोलत नव्हतं. विल्फ्रिदोचा फोन लागत नव्हता.

दहा मिनिटांनी दार उघडलं. युरानिसच्या डोळ्यांतलं काजळ गालावर उतरलं होतं. तिच्या हातात अंड्यांचं खोकं होतं.

"हे त्या माळेत बसतात का?"

"नाही."

"एकही?"

"तांदळाच्या दाण्यात बसेल का बल्ब? होल्डर लागतो. माझे सगळे होल्डर..."

"अंगणात एकही होल्डर नाही?"

होता. अंगणाच्या कोपऱ्यात, कपडे धुवायच्या दगडी टाकीवर. सकाळी अंधारात धुणं धुता यावं म्हणून वायरीला टांगलेला, करपलेला, कडेला कोळ्याचं जाळं लागलेला. एदिल्मा टाकीपाशी गेली. हात पुढे धरून तिने जागा पाहिली. साबणाचा वास, ओली फरशी, बादल्या. पंधरा वर्षं तिने मनात अंगणातल्या आंब्याखाली सांभाळून ठेवलेला वॉल्ट्झ, तो इथे!

"बादल्या उचला," ती खेकसली. "आणि फरशी पुसा. पोरीचा पाय घसरला तर मला आणखी ताप."

तिने बटण बंद करून घेतलं, दगडावर चढून जाळं आणि जुना बल्ब काढला आणि एक निळा बल्ब फिरवून बसवला. मग बटण दाबलं. बल्ब लागला. मग युरानिसने स्वतःहून पांढऱ्या माळा बंद केल्या.

सगळं अंगण काळोखात गेलं. उरला तो टाकीपाशी एक निळा गोल, दोन खाटांएवढा. काळे कपडे अंधारात विरघळले आणि माणसांचे नुसते चेहरे आणि हात दिसायला लागले. कुणीतरी फोनवर वॉल्ट्झ लावला, बारीक, डबड्यातून आल्यासारखा. बाप पनामात, म्हणून नेपोमुसेनोंना झोपाळ्यातून उठवून आणलं.

"मेलेल्या माणसाला नाचवता होय रे," ते म्हणाले, पण नातीच्या कमरेवर हात ठेवून ताठ उभे राहिले.

दोघं त्या गोलात हळूहळू फिरू लागली. वाऱ्याने बल्ब हलत होता आणि त्याच्याबरोबर निळा उजेडही जमिनीवर पुढेमागे सरकत होता. गोलाच्या जरा बाहेर गेलं की युरानिसचा मुकुट दिसेनासा व्हायचा, पुन्हा यायचा. तार्सिलाबाई कुजबुजल्या, "पोरगी छान दिसते गं." एदिल्माने ऐकलं नाही. तिचं सगळं लक्ष वर होतं. बल्बच्या आत तार बारीक थरथरत होती. पेटवून बघायला हवे होते, एकदा तरी, दरवर्षी एकदा. कुठली अक्कल सुचली होती आपल्याला!

गाणं अर्ध्यावर आलं असेल नसेल, टिक् असा आवाज झाला आणि बल्ब उडाला.

अंगण पुन्हा काळोखात गेलं. फोनमधला वॉल्ट्झ चालूच होता. नेपोमुसेनो खोकले. एदिल्माला वाटलं, आता युरानिस माळांचं बटण दाबेल. ती त्या पांढऱ्या उजेडाची वाट पाहत उभी राहिली.

"आई," अंधारातून आवाज आला, "दुसरा लाव ना. आम्ही थांबलोय."

एदिल्मा चाचपडत खोक्याकडे गेली. "कुणी हलू नका," ती ओरडली, "फरशी ओली आहे अजून, कुणी हलू नका! युरानिस, आजोबांना धर नीट." बटण बंद करून ती खोकं घेऊन दगडावर चढली. उडालेला बल्ब काढताना तिची बोटं भाजली, तशी एक शिवी तिच्या तोंडून निघाली. बोटं ओठांत घालून तिने दुसऱ्या हाताने खोक्यातला दुसरा बल्ब उचलला.