आईचा चेहरा खरवडणारे शेजारी

"नॉट येट," असं पुटपुटत ते कॅनव्हासवरचा ओला चेहरा सुरीनं खरवडून काढायचे. सुरी फडक्याला पुसली की पुन्हा खिडकीपाशी फेऱ्या सुरू. केलेलं काम मोडल्याशिवाय चैन न पडणारी माणसं तुम्हीही पाहिली असतील. इंग्लंडात मेडनहेडला आमच्या शेजारच्याच घरात असे एक गृहस्थ होते.

ते फ्रेंच होते. पॅरिसच्या जुन्या वळणाच्या कलाशाळेत शिकलेले. तिथं वर्षभर नुसती प्लास्टरच्या पुतळ्यांची चित्रं काढून घेत, मग जिवंत माणसाचं. पंचविशीत त्यांना मोठं बक्षीस मिळालं, पण तोवर तसली घोटीव चित्रं सगळ्यांना नकोशी झाली होती. इंग्रज बायकोबरोबर ते इथं आले आणि मेयर, हेडमास्तर अशांची पोर्ट्रेट्स करत राहिले. बायको गेल्यावर त्यांनी दोनदा घर विकायला काढलं आणि दोनदा पाटी उतरवली.

माझी आई पुण्याहून सहा महिन्यांसाठी आली, तेव्हा त्यांनी तिला बागेत पाहिलं.

"तुमच्या आई माझ्यासमोर बसतील का?" त्यांनी मला विचारलं.

आई रोज अकराला जायची. तिला इंग्रजी येत नव्हतं, त्यांना मराठी. "अहो पेंटरबुवा, जरा टेका की," ती म्हणायची. ते मान डोलवायचे आणि उभेच राहायचे.

साडी, हात, खुर्ची सगळं हुबेहूब उतरलं. चेहरा मात्र पाच वेळा झाला आणि पाच वेळा गेला. तिसरा तर मला अगदी आईच वाटला होता.

"यांना सुरकुत्या आहेत," ते वैतागून म्हणाले. "माझा हात त्या आपोआप पुसतो. तसंच शिकलोय मी."

व्हिसा संपत आला. "तोंड राहिलं तर राहू दे," आई म्हणाली. "पुढच्या उन्हाळ्यात येतेच आहे."

जानेवारीत आई पुण्यात वारली. तिथून परतल्यावर मी त्यांना सांगायला गेले. ते आत जाऊन कॅनव्हास घेऊन आले. चेहऱ्याच्या जागी तपकिरी डाग होता.

"तिसरा ठेवायला हवा होता," ते म्हणाले.

"हो," मी म्हणाले. मला खोटं बोलवेना.

मी फोनवरचा फोटो पुढे केला. त्यांनी तो बराच वेळ पाहिला.

"यात त्या तुमच्याकडे बघतायत. माझ्याकडे अशा बघायच्या नाहीत."

"मग कशा?"

"हा माणूस बसतो कधी एकदाचा, अशा."

आठवडाभर भिंतीपलीकडून त्यांच्या फेऱ्या ऐकू येत होत्या. मग एका सकाळी त्यांनी मला बोलावलं. कॅनव्हासवर आई होती, सगळ्या सुरकुत्यांसकट, एक भुवई वर चढवून बसलेली.

"ओठ चुकलेत," ते म्हणाले आणि सुरीकडे वळले.

मी कॅनव्हास उचलला आणि तसाच ओला घरी आणला. कोटाला रंग लागला. नंतर ते दोनदा दारात आले, "फक्त ओठ" म्हणाले. मी त्यांना चहा दिला, पण चित्र दिलं नाही.

मार्चअखेर तेही वारले. घर आता बंद असतं.

ओठ खरंच चुकलेत. आईचे इतके मिटलेले कधी नसायचे.